रोमन लोकांचीं खासगी पत्रें



महोत्सवाच्या निमित्तानें देवळाच्या कपाटांतलीं जुनीं बुकें बाहेर निघतात. बाप्तिस्मा, लग्न आणि मरण यांच्या नोंदी त्यांत असतात. अमक्याचा अमका, अमुक गांवचा, अमुक दिवशीं, एवढें सर्व त्यांत सांपडतें. परंतु तो माणूस बोलत कसा होता, कोणावर रुसत होता, पैशाची ओढ लागली म्हणजे कोणापुढें हात पसरीत होता, हें त्या बुकांत सांपडत नाहीं. तें सांपडलेंच तर त्याच्या पत्रांत सांपडतें. रोमन लोकांची गोष्टही हीच. त्यांच्या लढाया, त्यांचे कायदे आणि त्यांचे बादशहा यांवर ग्रंथांचे ढीग पडले आहेत. परंतु ज्या साम्राज्यांत आमच्या प्रभूचा जन्म झाला, ज्याच्या रस्त्यांवरून प्रेषित चालले, आणि ज्याच्या राजधानीचें नांव आमच्या ख्रिस्तसभेस आजही जोडलेलें आहे, त्या साम्राज्यांतील माणूस घरीं कसा वागत होता, हें पाहावयाचें तर त्याचीं खासगी पत्रेंच उघडलीं पाहिजेत. आज आम्ही तेंच करणार आहों. दुसऱ्याचें पत्र वाचूं नये हा शिष्टाचार आम्हांस ठाऊक आहे. परंतु दोन हजार वर्षें लोटल्यावर त्या मंडळींनीं राग मानूं नये, एवढीच विनंती.

प्रथम पत्र लिहीत कसें, तें थोडक्यांत सांगतों. जवळच्या जवळ निरोप धाडावयाचा असल्यास लाकडी पाटीवर मेणाचा थर देऊन त्यावर टोंकदार कांडीनें अक्षरें उमटवीत. वाचणाऱ्यानें मेण सपाट करावें आणि त्याच पाटीवर उत्तर लिहून परत धाडावें. लांबचें पत्र असल्यास नाईल नदीच्या लव्हाळ्यापासून केलेल्या पपायरस नांवाच्या कागदावर बोरूनें लिहीत, गुंडाळी करून दोरा बांधीत आणि त्यावर मोहोर करीत. ऑगस्टस बादशहानें टपालाची व्यवस्था घालून दिली होती खरी, पण ती सरकारी कामापुरती. रयतेनें त्या बाजूस जाणारा कोणी व्यापारी, शिपाई किंवा दास गांठावा आणि पत्र त्याच्या हातीं द्यावें. ज्यास लिहितां येत नसे तो लेखनिकाकडून लिहवून घेई. ज्यास येत असे तोही पुष्कळदां मजकूर सांगून लिहवी आणि शेवटीं स्वतःच्या हातानें दोन शब्द घाली.

मायना ठरलेला असे. आमच्या वडिलांच्या पत्रांत साष्टांग नमस्कार, विनंती विशेष, येथील क्षेम जाणून स्वकीय क्षेम लिहीत जावें, हें जसें आल्याशिवाय राहत नसे, तसें रोमन पत्रांत आधीं लिहिणाराचें नांव, मग ज्यास लिहावयाचें त्याचें नांव, मग नमस्कार. पुढें तूं खुशाल असलास तर उत्तम, मीही खुशाल आहें, हें वाक्य. तें इतकें ठरीव कीं पुष्कळजण त्याचीं नुसतीं आद्याक्षरेंच लिहीत. संत पौलाचीं पत्रें रविवारीं वाचतांना प्रारंभींच पौलाचें नांव कां येतें, असें कोणास वाटत असेल, तर त्याचें कारण हेंच. आणि रोमकरांस लिहिलेल्या पत्राच्या सोळाव्या अध्यायांत तेर्तिय नांवाचा लेखनिक मध्येंच आपलाही नमस्कार घालून घेतो, ही गोड गोष्ट आमच्यापैकीं पुष्कळांच्या नजरेंतून सुटलेली असेल.

आतां सिसेरो. रोमचा सर्वांत मोठा वक्ता म्हणून त्याचें नांव शाळेंत ऐकलेलें असतें. त्याचीं व त्यास आलेलीं मिळून नऊशेंहून अधिक पत्रें आज उपलब्ध आहेत. मध्ययुगांत त्यांतील पुष्कळ पत्रें लोकांच्या विस्मरणांत गेलीं होतीं. इ. स. १३४५ सालीं पेट्रार्क या इटालियन कवीस व्हेरोना येथील कॅथीड्रलच्या ग्रंथालयांत त्याच्या अॅटिकस या मित्रास लिहिलेल्या पत्रांची प्रत सांपडली. पेट्रार्कनें ती स्वतः नकलून घेतली, आणि वाचून त्यास असा धक्का बसला कीं त्यानें चौदाशें वर्षांपूर्वीं मेलेल्या सिसेरोसच रागाचें पत्र लिहिलें. धीरगंभीर तत्त्वज्ञ म्हणून ज्याची पूजा केली, तो येथें चंचल, भित्रा, घडीघडीस मत बदलणारा, असा निघाला! आम्हांस मात्र पेट्रार्कचा राग थोडा अन्यायाचा वाटतो. चारचौघांत बोलणारा माणूस आणि जिवलग मित्रापाशीं बोलणारा माणूस एकच असतो, असें कोण म्हणेल?

या पत्रांत काय नाहीं? इ. स. पू. ४४ च्या एप्रिलांत, म्हणजे ज्यूलियस सीझरचा खून होऊन एक महिना होतो न होतो तोंच, सिसेरो मित्रास कळवितो कीं त्याचे दोन दुकानगाळे कोसळले, बाकीच्यांस भेगा पडल्या आहेत, आणि भाडेकरूच नव्हे तर उंदीरसुद्धां घर सोडून गेले आहेत. पडक्या चाळीच्या मालकानें येथें हंसावें कीं रडावें? सिसेरो हंसतो, आणि लगेच लिहितो कीं नव्यानें बांधण्याची अशी योजना मनांत आहे कीं या नुकसानीचा फायदाच होईल. भाडेकरूंचें पुढें काय झालें, याची चौकशी त्या पत्रांत नाहीं. त्याच्या चार महिने आधींचें दुसरें एक पत्र आहे. सीझर दोन हजार माणसें बरोबर घेऊन समुद्रकांठीं आला आणि सिसेरोकडे जेवला. जेवण उत्तम झालें, राजकारणाचा शब्द निघाला नाहीं, वाङ्मयाच्या गोष्टी पुष्कळ झाल्या. परंतु पुन्हां अवश्य या, असें ज्यास म्हणावें तसला हा पाहुणा नव्हे, असें यजमान मित्रास कळवितो. जगाच्या धन्याविषयीं हें वाक्य कोणत्याही इतिहासकारानें लिहिलें नसतें.

त्याची लाडकी मुलगी टुलिया इ. स. पू. ४५ च्या फेब्रुवारींत बाळंतपणानंतर वारली. तेव्हां तो अस्टुरा येथील आपल्या एकांतांतील घरीं गेला. तेथून तो लिहितो कीं सकाळीं दाट रानांत शिरतों तो संध्याकाळपर्यंत बाहेर येत नाहीं. सोबतीस पुस्तकें आहेत, पण वाचतांना रडें येतें, त्यास उपाय नाहीं. हा साठी ओलांडलेला माणूस रोमचा कॉन्सल झालेला होता. येथें कोणाचें काळीज हलणार नाहीं?

परंतु त्याच माणसाचें एक जुनें वाक्य आम्हांस विसरतां येत नाहीं. इ. स. पू. ६१ मध्यें सोसिथियस नांवाचा, त्यास ग्रंथ वाचून दाखविणारा तरुण दास वारला. सिसेरो अॅटिकसला लिहितो कीं, दासाच्या मरणानें जेवढें दुःख व्हावें त्याहून आपणांस अधिक झालें आहे. म्हणजे दुःख झालें, आणि त्या दुःखाची लाजही वाटली! दासासाठीं किती रडावें याचें एक माप समाजानें ठरवून दिलें होतें, आणि डोळे तें माप पाळीत नव्हते. इतिहासाच्या ग्रंथांत रोमन गुलामगिरीवर पानेंच्या पानें आहेत. पण ती माणसाच्या मनांत कशी बसली होती, हें या एका वाक्यानें कळतें. सोसिथियससारखाच सिसेरोच्या घरीं टायरो नांवाचा लेखनिक होता. त्यास इ. स. पू. ५३ मध्यें त्यानें दास्यांतून मुक्त केलें, आणि तीन वर्षांनीं तो ग्रीसमध्यें आजारी पडून मागें राहिला असतां सिसेरोनें वाटेंतून पत्रांवर पत्रें पाठविलीं: पूर्ण बरें वाटल्याशिवाय जहाजांत पाऊल टाकूं नकोस, खर्चाकडे पाहूं नकोस, वैद्यास हवें तें दे. घरच्या मुलांसारखा जिव्हाळा आहे. असो.

सिसेरो श्रीमंत होता, विद्वान होता. गोरगरिबांचीं पत्रें कोण जपून ठेवणार? तीं जपलीं चिखलानें आणि वाळूनें. इंग्लंडच्या उत्तरेस, हेड्रियन बादशहानें इ. स. १२२ च्या सुमारास बांधावयास घेतलेल्या भिंतीजवळ, व्हिंडोलांडा नांवाचें रोमन ठाणें होतें. तेथें इ. स. १९७३ सालीं रॉबिन बर्ली या संशोधकास खणतांना लाकडाच्या पातळ चिरफळ्या सांपडल्या. उलगडून पाहतों तों आंत शाईचीं अक्षरें! ओल्या मातींत हवा शिरली नाहीं, म्हणून तीं एकोणीसशें वर्षें टिकलीं. त्यानंतर अशा शेंकडों पाट्या निघाल्या. आमच्या कोंकणच्या पावसांत आणि वाळवींत कागद दोन पिढ्या टिकला तरी नशीब, हें ज्यांनीं जुन्या पेट्या उघडून पाहिल्या आहेत त्यांस ठाऊक आहे.

या पाट्यांतून लष्करी ठाण्याचा संसार दिसतो. कोणी एकजण ठाण्यावरील माणसास कळवितो कीं तुला पायमोजे, दोन जोड वहाणा आणि आंत घालावयाच्या दोन चड्ड्या पाठविल्या आहेत. थंडीच्या मुलखांत नोकरीस असलेल्या माणसाची ती काळजी आहे. दुसऱ्या एका पत्रांत मास्क्लस नांवाचा तुकडीचा नायक वरिष्ठास उद्यांचा हुकूम विचारतो आणि शेवटीं पुस्ती जोडतो कीं शिपायांची बिअर संपली आहे, पाठविण्यास सांगावें. ऑक्टेव्हियस नांवाचा एक व्यवहारी गृहस्थ लिहितो कीं सुमारें पांच हजार माप धान्य घेतलें आहे, रोकड लवकर धाडा, निदान पांचशें देनारी तरी, नाहींतर दिलेला तीनशेंचा विसार बुडेल आणि तोंड दाखवावयास जागा राहणार नाहीं. कातडीं आणावयाचीं आहेत, पण रस्ते वाईट, जनावरांस इजा होईल म्हणून गेलों नाहीं. बाजारांत आजही हेंच बोलणें ऐकूं येतें. आणि या सर्व पुरुषी पसाऱ्यांत एक आमंत्रण आहे. इ. स. १०० च्या सुमारास क्लॉडिया सेव्हेरा नांवाची बाई आपल्या सुल्पिसिया लेपिडिना या मैत्रिणीस कळविते कीं ११ सप्टेंबरला माझा वाढदिवस आहे, तूं आलीस तर तो दिवस मला अधिक आनंदाचा होईल. मुख्य मजकूर लेखनिकाच्या सुरेख अक्षरांत आहे. शेवटच्या ओळी मात्र वेड्यावांकड्या, बाईच्या स्वतःच्या हातच्या, बहीण म्हणून जीव ओतून लिहिलेल्या. स्त्रीच्या हातचें लॅटिन म्हणून जें कांहीं आज जगांत शिल्लक आहे, त्यांत हें अत्यंत जुन्यांपैकीं समजतात.

आतां इजिप्तकडे वळूं. इ. स. पू. ३० मध्यें हा देश रोमच्या ताब्यांत गेला. तेथें पाऊस जवळजवळ पडत नाहीं, त्यामुळें गांवाबाहेरच्या उकिरड्यांत फेंकलेले कागदही कोरडे राहिले. ग्रेनफेल आणि हंट या दोन इंग्रज पंडितांनीं इ. स. १८९६-९७ पासून ऑक्सिरिंकस येथील असे उकिरडे खणले. तेथील भाषा ग्रीक होती, राज्य रोमन होतें. उकिरड्यांतून निघालेल्या एका पत्रांत थिओन नांवाचा लहान मुलगा बापावर रुसला आहे: मला शहरांत नेलें नाहींस ना, मग मी तुला पत्र लिहिणार नाहीं, बोलणार नाहीं, हात हातांत घेणार नाहीं, बोलावून घेतलें नाहींस तर जेवणार नाहीं, पाणी पिणार नाहीं. शुद्धलेखनाच्या चुका इतक्या आहेत कीं कोणत्याही मास्तरानें छडी उगारावी. दुसऱ्या शतकांतील एपियन नांवाचा तरुण रोमच्या आरमारांत भरती होऊन इटलींत मिसेनमला पोंचतो आणि बापास लिहितो कीं समुद्रावर संकट आलें होतें, सेरापिस देवानें वांचविलें. प्रवासखर्चाचीं तीन सोन्याचीं नाणीं मिळालीं. आतां आपलें नांव अंतोनियस मॅक्सिमस असें झालें आहे. आपली तसबीर पाठवितों आहें. लहानपणीं चांगलें शिकविलेंत म्हणून बापाचे उपकार मानावयासही तो विसरत नाहीं. हें वाचतांना ख्रिस्तपुराणकार फादर थॉमस स्टीफन्स यांची आठवण आम्हांस झाल्यावांचून राहिली नाहीं. लिस्बनहून निघून इ. स. १५७९ च्या ऑक्टोबरांत ते गोव्यास उतरले आणि १० नोव्हेंबरला त्यांनीं वडिलांस प्रवासाची सारी हकीकत लिहून धाडली. परक्या किनाऱ्यावर पाय ठेवल्यावर मुलास बापाची आठवण व्हावी, हें जहाजावर मुलें पाठविणाऱ्या आमच्या घरांस सांगावयास नको.

त्याच शतकांत अंतोनियस लाँगस नांवाचा मुलगा आईस लिहितो. पैसे उडवून तो चिंध्यांवर आला आहे. गांवांत तोंड दाखवावयाची लाज वाटते. भेटलेल्या कोणीतरी आईस सर्व सांगितलें आहे हेंही त्यास कळलें आहे. तो कबूल करितो कीं मीं पाप केलें, आणि विनवितो कीं आई, माझ्याशीं समेट कर. उधळ्या पुत्राचा दाखला लूकच्या शुभवर्तमानांत आम्ही लहानपणापासून ऐकतों. येथें तसल्याच एका पुत्राचें खरेंखुरें पत्र, त्याच्या खाडाखोडीसह आणि अशुद्ध ग्रीकसह, आपल्यापुढें आहे.

परंतु ज्या पत्रापाशीं आम्हांस खरोखर थांबावेंसें वाटतें तें निराळें आहे. त्याची तारीख इ. स. पू. १ च्या जून महिन्याची आहे. आमचा प्रभु त्या वेळीं लहान बालक होता. आणि मत्तयाच्या शुभवर्तमानाप्रमाणें ज्या देशांत योसेफ त्या बालकाला व त्याच्या मातेला घेऊन आश्रयास गेला, त्याच देशांतलें तें पत्र आहे. हिलॅरियन नांवाचा मनुष्य कामासाठीं अलेक्झांड्रियास गेलेला आहे. तो घरीं अॅलिसला लिहितो कीं बाकीचे परत आले आणि मी येथेंच राहिलों तर काळजी करूं नकोस, लहानग्यास जप, मजुरी मिळतांच तुझ्याकडे पाठवितों. मग त्याच सुरांत, त्याच ओळींच्या रांगेंत, तो लिहितो कीं तूं बाळंत झालीस आणि मुलगा झाला तर राहूं दे. मुलगी झाली तर टाकून दे. आणि लगेच पुढें: तूं मला विसरूं नकोस असा निरोप तूं धाडलास, अग, तुला मी विसरेन कसा? काळजी करूं नकोस.

बंधुभगिनींनो, हा मनुष्य राक्षस असता तर आम्हांस सोपें झालें असतें. राक्षसास कोणी विसरूं नकोस असा निरोप धाडीत नाहीं. घरांतील लहानग्याची त्यास काळजी आहे, बायकोच्या मनाची काळजी आहे, पगाराचा पैसा घरीं धाडण्याची घाई आहे. आणि अद्याप न जन्मलेल्या मुलीविषयींचा हुकूम तो, मीठ संपलें तर आण, इतक्या सहजपणें देतो. आपण कांहीं भयंकर लिहितों आहों, हें त्याच्या गांवींही नाहीं. नवजात मूल टाकून देण्याची रूढी त्या काळीं सर्वत्र होती, कायद्याची आडकाठी नव्हती. यहुदी लोक तें पाप मानीत, आणि आद्य ख्रिस्ती मंडळींच्या डिडाखे नांवाच्या जुन्या शिकवणग्रंथांतही गर्भहत्या व बालहत्या यांचा स्पष्ट निषेध आहे. तथापि हिलॅरियनला नांवें ठेवून आपण हात झटकूं पाहिलें तर तें चालणार नाहीं. आमच्या देशांतही कन्याहत्येविरुद्ध इ. स. १८७० सालीं कायदा करावा लागला, आणि सव्वाशें वर्षांनीं, १९९४ सालीं, गर्भाची लिंगपरीक्षा करण्याविरुद्ध पुन्हां दुसरा. त्या दोन कायद्यांच्या दरम्यान ज्यांनीं मुली नाहींशा केल्या, त्यांचीं घरचीं पत्रेंही प्रेमळच असतील.

शेवटीं प्लिनी. हा इ. स. ६१ च्या सुमारास जन्मलेला श्रीमंत वकील आणि अंमलदार. याचीं पत्रें निवडून, घासूनपुसून, स्वतः त्यानेंच प्रसिद्ध केलीं. म्हणून सिसेरोचा उघडेपणा त्यांत नाहीं. आपण चांगले दिसावें अशी त्याची इच्छा प्रत्येक पानावर दिसते. पण तो खरोखरच दयाळू होता, हेंही नाकारतां येत नाहीं. झोसिमस नांवाच्या त्याच्या मुक्त केलेल्या दासास रक्ताच्या गुळण्या होऊं लागल्या, तेव्हां प्लिनीनें त्यास हवापालटास इजिप्तला पाठविलें. खोकला परत उलटला, तेव्हां एका मित्राच्या शेतावर ठेवण्यासाठीं पत्र लिहिलें, कारण तेथील हवा व दूध त्या आजारास चांगलें. झोसिमस नाटकांतील भूमिका कशी करितो, वीणा कशी वाजवितो, हेंही त्यानें हौसेनें सांगितलें आहे. दुसऱ्या एका पत्रांत तो साबिनियानस नांवाच्या मित्रापाशीं रदबदली करितो: तुझा मुक्त केलेला दास माझ्या पायांवर पडून रडला, त्यास क्षमा कर. हें वाचतांना फिलेमोनास लिहिलेलें संत पौलाचें छोटें पत्र कोणास आठवणार नाहीं? दोन्ही पत्रें एकाच विषयाचीं, दोहोंत सुमारें पन्नास वर्षांचें अंतर. प्लिनीचें म्हणणें असें कीं रागानें तुलाच त्रास होतो आहे, तो सोड. पौलाचें म्हणणें असें कीं ओनेसिमला दास म्हणून नव्हे, प्रिय बंधु म्हणून घरांत घे, आणि त्याचें कांहीं देणें असेल तर तें माझ्या नांवें मांड.

हाच प्लिनी इ. स. ११२ च्या सुमारास काळ्या समुद्राकांठच्या बिथिनिया-पोंतस प्रांताचा अधिकारी होता. तेथून ट्राजन बादशहास लिहिलेलें त्याचें एक पत्र ख्रिस्ती माणसानें उभ्यानें वाचावें असें आहे. कारण परक्या डोळ्यांनीं पाहिलेलें आमच्या पूर्वजांचें इतकें जुनें आणि इतकें तपशीलवार चित्र दुसरें नाहीं. ख्रिस्ती लोक ठराविक दिवशीं उजाडण्यापूर्वीं जमतात, ख्रिस्तास देव मानून त्याचें स्तोत्र म्हणतात, चोरी, दरोडा, व्यभिचार करणार नाहीं, दिलेला शब्द मोडणार नाहीं, अशी शपथ घेतात, आणि मग पुन्हां जमून साधें, निरुपद्रवी अन्न खातात, अशी माहिती त्यास मिळाली. शहरांतच नव्हे, खेड्यापाड्यांतही हें पसरलें आहे, देवळें ओस पडलीं होतीं, बळीच्या मांसास गिऱ्हाईक मिळेना, अशी तक्रार आहे. तीनदां विचारूनही जे आम्ही ख्रिस्ती आहों म्हणून ठाम राहिले त्यांस त्यानें मारविलें; इतका हट्टीपणा शिक्षेस पात्रच, असें त्याचें मत. ट्राजनचें उत्तर शांत आहे: त्यांस मुद्दाम हुडकूं नये, निनावी अर्जांवर विश्वास ठेवूं नये, परंतु गुन्हा शाबीत झाल्यास शिक्षा करावी. याच उत्तरावर टर्टुलियननें इ. स. १९७ च्या सुमारास बोट ठेवलें कीं ते अपराधी असतील तर शोधावयाचे कां नाहींत, आणि निरपराधी असतील तर शिक्षा कां?

त्या पत्रांत मध्येंच एक छोटें वाक्य आहे. खरें काय तें काढून घेण्यासाठीं आपण दोन दासींस छळ करून प्रश्न विचारले, असें प्लिनी कळवितो. दासांची साक्ष घ्यावयाची ती छळ करूनच, अशी रोमन न्यायाची रीत होती. तेव्हां यांतही त्यास कांहीं विशेष वाटलें नाहीं. या दोघींस त्यांची मंडळी सेविका म्हणत असे, एवढें त्यानें नोंदलें आहे. झोसिमसला रक्त पडत होतें, त्यास दूध मिळावें, म्हणून पत्र लिहिणाराच हा हात. त्या दोघींकडून वेड्या समजुतीपलीकडे कांहीं निघालें नाहीं, असें तो बादशहास लिहितो. त्यांचीं नांवें त्यानें लिहिलेलीं नाहींत.